कॅमेरा अटेंडंट दादा, त्या सेफ्टी टेकबद्दल थँक्यू

दादा, नमस्कार. नाव मुद्दाम लिहीत नाहीये, तुम्हाला आवडणार नाही माहितीये. युनिटमधल्या जुन्या लोकांना दोन ओळीत कळेलच.

२००४ साल, मढचा शूटिंगचा बंगला, अल्फा आणि ईटीव्ही मराठीच्या सिरियलींचे दिवस. मी नुसता असिस्टंट, पण कॅमेरामन दुसऱ्या सेटवर अडकले म्हणून बीटाकॅम (तेव्हाचा टेपवाला व्हिडिओ कॅमेरा) माझ्या खांद्यावर आला. सकाळपासून हॉलमध्ये टंगस्टनवर, म्हणजे पिवळ्या दिव्यांवर सीन चालू, मग डायरेक्टर म्हणाले ऊन जायच्या आत पटकन गेटवर सुनेची एन्ट्री उरकूया, झालं, सगळे धावत बाहेर, मॉनिटरची केबल पोचेना म्हणून तो आतच राहिला. टेक ओके झाला. आणि माझं फिल्टर व्हील (प्रकाशाच्या रंगाप्रमाणे फिल्टर बदलायची कॅमेऱ्यावरची चकती) तसंच ३२०० वर, म्हणजे आतल्या दिव्यांवर! बाहेर ऊन म्हणजे ५६०० केल्विन (प्रकाशाच्या रंगाचं माप), आख्खा सीन धुण्याला नीळ जास्त झाल्यासारखा निळा, आणि बीटाच्या व्ह्यूफाइंडरमध्ये सगळं ब्लॅक अँड व्हाइट, मला दिसणार कसं? (आताच्या पोरांना हे सांगितलं की त्यांना थापा वाटतात.)

तुम्ही लेन्स पुसायला आलात. कपडा काचेवर, आणि दुसऱ्या हाताचं बोट गुपचूप त्या फिल्टरच्या नॉबवर, टक टक. माझ्याकडे बघितलंसुद्धा नाहीत. मग मोठ्यांदा म्हणालात, ''सर, हेड चोकअप वाटतंय, एक सेफ्टी घेऊया.'' (म्हणजे रेकॉर्डिंगचं हेड घाणीने तुंबलंय, खबरदारी म्हणून अजून एक टेक.) डायरेक्टर जे काय उखडले तुमच्यावर, भाड्याची मशीन धड ठेवता येत नाही वगैरे वगैरे, तुम्ही मान खाली घालून ऐकलंत आणि माझ्यासमोर थर्मोकोल धरलात, व्हाइट घे म्हणून, म्हणजे पांढऱ्यावर कॅमेऱ्याचे रंग जुळवून घे.

संध्याकाळी वडापाव खाताना एवढंच बोललात, ''बाळा, जागा बदलली की आधी बोट फिल्टरवर, मग डोळा लावायचा.''

मला तेव्हा वाटलं दादांनी आपली लाज राखली. फार उशिरा डोक्यात आलं की तुम्ही कॅमेरा भाड्याने देणाऱ्याचा माणूस, रोजावर, मशीन खराब आहे अशी तक्रार तुमच्या मालकाकडे गेली असती तर दुसऱ्या दिवशी घरी बसला असतात. आणि मी कोण तुमचा? चार दिवसांची ओळख.

नंतर डेली सोपमध्येच आयुष्य गेलं, १२-१२ तासांच्या शिफ्टा, घोडबंदर रोड, फिल्मसिटी, एपिसोडची बँक (आधी शूट करून ठेवलेला साठा) संपलीय म्हणून रात्री दोनला लागणारे सीन. टायटलला छायाचित्रण म्हणून माझं नाव येतं तेव्हा आई अजून टीव्हीसमोर हात जोडते. अटेंडंटचं नाव मी आजवर एकाही टायटलमध्ये बघितलेलं नाही, ते का येत नाही हे मला अजून कोणी नीट सांगू शकलेलं नाही.

आता मॉनिटर कलर, तोही वायरलेस, आणि बऱ्याच कॅमेऱ्यांना ते व्हीलच नसतं, मेन्यूत शिरावं लागतं. तरी आउटडोअरला निघालो की बोट आपोआप तिथं जातं, पोरं विचारतात सर काय शोधताय.

तुमचा जुना नंबर लागत नाही दादा. मी सध्या गोरेगावलाच आहे, चहाला या एकदा, आणि त्या दिवशीच्या शिव्या माझ्या होत्या, तेवढ्या परत करून जा.