उद्या दोन लावू

प्रिय ताई,

नाव लिहीत नाही, तुम्हाला आवडणार नाही. म्हापशाहून स्कूटरवर यायचात, रेनकोट व्हरांड्यात झटकून आत शिरायचात. एवढ्यावरून ओळखालच.

ऑगस्ट 2022. चतुर्थीला गणपतीच्या वर फळं-पानं टांगायच्या माटोळीची लाकडं माळ्यावरून काढताना मी स्टुलावरून पडलो आणि कमरेचा मणका मोडला. ज्यांनी ऑपरेशन केलं त्यांचा हात चांगला असेल, जिभेचं तेवढं सांगू नका. "परत चालेन ना?" असं विचारलं तर मोबाईलवरची नजर न हलवता म्हणाले, "वय बावन्न. आता काय ऑलिंपिकला जायचंय?" नातेवाईक यायचे, सफरचंदं ठेवायचे, माझ्यादेखत माझ्याबद्दल हळू आवाजात बोलायचे आणि जायचे.

तुम्ही फिजिओथेरपीसाठी आलात आणि पाठीला हात लावायच्या आधी विचारलंत, "अभिलाष टॉमी माहीत आहे?"

गोव्यात राहून माहीत नसेल कसा! रत्नाकर दांडेकरांनी इथे बांधलेल्या 'म्हादेई' या शिडाच्या होडीवरून आधी दिलीप दोंदे एकट्याने पृथ्वीला वळसा घालून आले आणि मग 2012-13 मध्ये टॉमी कुठेही न थांबता. 2018 च्या गोल्डन ग्लोबमध्ये, म्हणजे एकट्याने न थांबता पृथ्वीला वळसा घालायच्या शर्यतीत, दक्षिण हिंदी महासागरात, त्याची होडी 'थुरिया' वादळात उलटीपालटी झाली, डोलकाठी मोडली, तो पाठीवर पडला तो उठेचना. फ्रेंच जहाज तीन दिवसांनी पोचलं. तुम्ही म्हणालात, "पाठीत टायटॅनियमच्या सळ्या आहेत त्याच्या. पाच मणके जोडलेत. आणि या 4 सप्टेंबरला परत निघालाय. त्याच शर्यतीत."

मग माझ्याच एक्स-रेच्या पाकिटावर तुम्ही पेनने जग काढलंत. आफ्रिका फणसासारखी आली होती. फ्रान्सच्या किनाऱ्यावर ले सॅब्ल दोलोनला फुली, आणि मोबाईलवर बघून पहिला ठिपका. गंमत म्हणजे त्याची होडी कुठे आहे हे आपल्याला मोबाईल सांगायचा, आणि त्याला स्वतःला सेक्स्टंट, म्हणजे सूर्य-ताऱ्यांची उंची मोजायचं यंत्र, आणि कागदी नकाशा यांवरून काढावं लागायचं. शर्यतीचा नियमच तसा.

रोज एक ठिपका, आणि तो मीच लावायचा. पाकीट आधी पोटावर होतं, मग टेबलावर, मग तुम्ही लबाडीने ते स्वयंपाकघरातल्या फ्रीजवर चिकटवलंत. बाकीचे व्यायाम आता आठवतही नाहीत.

नोव्हेंबरातला एक दिवस मात्र लख्ख आठवतो. दारापर्यंत गेलो आणि पाय थरथरायला लागले. तिथेच चौकट धरून रडलो. मला वाटलं, आता "हिंमत धरा" येणार, नाहीतर टॉमीचं उदाहरण. तुम्ही काहीच बोलला नाहीत. खुर्ची सरकवलीत, माझ्या हातातली पेन्सिल काढून कानामागे खोवलीत आणि म्हणालात, "आज राहू दे. ठिपके कुठे पळत नाहीत. उद्या दोन लावू." आणि माझ्याऐवजी तो ठिपका तुम्ही लावला नाहीत.

दुसऱ्या दिवशी मी दोन लावले.

त्याच महिन्यात शर्यतीतल्या टापिओ लेहतिनेनची होडी बुडाली आणि त्याच शर्यतीतली कर्स्टन नॉयशेफर स्वतःची शर्यत बाजूला ठेवून, वाट वाकडी करून त्याला उचलायला गेली. 2018 ला टॉमीच्या दिशेने निघालेला आयरिश ग्रेगर मगकिन तर स्वतःच डोलकाठी मोडून बसला होता, तरी काहीबाही उभारून निघाला. अशी माणसं जगात आहेत हे मला तुमच्यामुळे कळलं. तुम्ही मला ते महासागरातल्या गोष्टी म्हणून सांगायचात, मी मात्र व्हरांड्यातल्या ओल्या रेनकोटकडे बघायचो.

जानेवारीत तुमच्या फेऱ्या संपल्या. टॉमीचं पुढे मोडतच गेलं. सुकाणूची वाऱ्यावर चालणारी यंत्रणा दुरुस्त करायला म्हणे त्याने संडासाचं दार कापलं. हे वाचून हसताना पहिल्यांदा पाठ दुखली नाही. सोळा जण निघाले होते, शर्यत पूर्ण केली तिघांनी. कर्स्टन पहिली. 29 एप्रिल 2023 ला, 236 दिवसांनी, टॉमी दुसरा.

तो शेवटचा ठिपका फुलीवरच पडला. रात्री उठून, एकटाच जाऊन लावला. पाकीट आता फ्रीजच्या वरच्या अंगाला, जरा उंच आहे. स्टुलावर चढलो नाही, घाबरू नका. टाचा उचलल्या.

तुमचा,
फ्रीजपर्यंतचा प्रवासी