तो दुबळा वाचक कोण?

प्रिय माधव,

सप्रेम नमस्कार.

तुझे पत्र मिळाले. वाचनालयाच्या समितीपुढे आलेली ती तक्रार आणि तेव्हापासून कपाटात कुलूपबंद असलेले ते चित्रकलेवरचे पुस्तक, हे सारे वाचून हसूही आले आणि थोडा वैतागही आला. कला कुठे संपते आणि अश्लीलता कुठे सुरू होते हे एकदा स्पष्ट लिहून कळव, असे तू म्हणतोस. ती रेघ मला ओढता येणार नाही. ज्यांचे कामच ती ओढण्याचे आहे त्या न्यायाधीशांनाही ती दोनदा एकाच जागी ओढता आलेली नाही. पण आपल्या मुंबईत चाललेले खटले ओळीने वाचले तर एवढे दिसते, की वाद चित्राचा किंवा मजकुराचा आहे असे भासले तरी निकाल बहुतेक वेळा ठरतो तो ती वस्तू कोणाच्या हाती पडेल या धास्तीवर.

अगदी अलीकडचे प्रकरण आधी सांगतो. फ्रान्सिस न्यूटन सूझा आणि अकबर पदमसी यांच्या सात कलाकृती एका संग्राहकाने परदेशातून विकत घेऊन मुंबईला आणल्या, त्या सीमाशुल्क अधिकाऱ्यांनी अश्लील ठरवून जप्त केल्या आणि वर पन्नास हजारांचा दंड ठोठावला. ऑक्टोबर 2024 मध्ये उच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. नग्नता किंवा संभोग दाखवणारे प्रत्येक चित्र अश्लील नसते, हे सांगताना न्यायालयाने अधिकाऱ्यांना चिमटाही काढला, की या हिशेबाने मायकेलअँजेलोच्या 'डेव्हिड' या नग्न पुतळ्यालाही आपली हद्द ओलांडण्यापूर्वी अंगभर कपडे चढवावे लागतील.

यातली खरी गंमत पदमसींचे नाव वाचताना कळते. 1954 साली जहांगीर कलादालनात त्यांचे प्रदर्शन भरले होते. त्यातल्या प्रेमी युगुलाच्या चित्रांत पुरुषाचा हात स्त्रीच्या स्तनावर होता, एवढेच निमित्त. पोलिसांनी चित्रे उतरवायला सांगितले, पदमसींनी साफ नकार दिला आणि त्यांच्यावर खटला भरला गेला. त्यातून ते निर्दोष सुटले, सरकार अपिलात गेले, तिथेही हरले. म्हणजे ज्या चित्रकाराला याच शहराने सत्तर वर्षांपूर्वी निर्दोष ठरवले, त्याच्याच कलाकृती त्याच्या मृत्यूनंतर चार वर्षांनी याच शहरात पुन्हा सोडवून घ्याव्या लागल्या. गोव्यातल्या साळगावच्या सूझांची तऱ्हा याहून वेगळी नव्हती. 1949 मध्ये त्यांच्या नग्न चित्रांवरून मुंबईत गदारोळ झाला आणि त्याच वर्षी त्यांनी लंडन गाठले.

या साऱ्याच्या मुळाशी 1868 सालचा एक इंग्रज निकाल आहे. खटला होता कॅथलिक पाद्र्यांपुढे पापनिवेदन करण्याच्या प्रथेवर तुटून पडणाऱ्या एका पुस्तिकेचा. शृंगार हा तिचा हेतू नव्हता. त्या निकालाने कसोटी घालून दिली ती अशी, की ज्यांची मने अशा वाईट प्रभावाला सहज बळी पडतील आणि ज्यांच्या हाती हे पुस्तक पडू शकेल, त्यांना ते बिघडवील का, एवढेच पाहावे. या कसोटीत लेखक कोण आणि त्याचा हेतू काय, याला मोल नाही. सारे मोल त्या अदृश्य, दुबळ्या वाचकाला. हा वाचक कधीच साक्षीच्या पिंजऱ्यात उभा राहिला नाही. त्याच्या वतीने दर वेळी दुसराच कोणीतरी बोलत आला, आणि तो दुसरा माणूस स्वतः मात्र ते वाचून कधीच बिघडलेला नसतो, हे तू पाहिलेच असशील.

र. धों. कर्व्यांचा खटला या दृष्टीने मला सर्वांत बोलका वाटतो. गणिताच्या प्राध्यापकाची नोकरी गमावून बसलेला हा माणूस 1927 पासून 'समाजस्वास्थ्य' हे मासिक जवळजवळ एकहाती चालवत होता. मुखपृष्ठावर नग्न स्त्रीचे चित्र आणि आत संततिनियमन, गुप्तरोग, लैंगिक शंका असा मजकूर. 1931 मध्ये व्यभिचारावरच्या एका लेखासाठी त्यांना शंभर रुपये दंड झाला. 1934 मध्ये पुन्हा खटला झाला तेव्हा डॉ. बाबासाहेब आंबेडकर त्यांचे वकील म्हणून उभे राहिले. या वेळी आक्षेप होता तो वाचकांच्या प्रश्नांना दिलेल्या उत्तरांवर. हस्तमैथुन आणि समलिंगी आकर्षण यांविषयी लोकांनी पत्रे लिहून विचारले होते, आणि कर्व्यांनी आडपडदा न ठेवता उत्तरे दिली होती. लोक प्रश्न विचारत असतील तर त्यांना उत्तर देणे अश्लील कसे ठरते, असा बाबासाहेबांचा रोख होता. जरा विचार कर: ज्या वाचकाचे रक्षण करायला कायदा धावला होता, त्यानेच पोस्टाचे तिकीट लावून शंका पाठवली होती! तरीही कर्वे हरले आणि दोनशे रुपये भरून पुन्हा पुढच्या अंकाला लागले.

कुलाब्याच्या एका पुस्तकविक्रेत्याची गोष्ट तुला ठाऊक असेल. 'लेडी चॅटर्लीज लव्हर'ची प्रत एका बनावट गिऱ्हाइकाला विकली म्हणून रणजित उदेशी आणि त्यांच्या भागीदारांना प्रत्येकी वीस रुपये दंड झाला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. इंग्लंडमधले ज्युरी त्याच पुस्तकाला 1960 मध्ये मोकळे करून बसले होते, पण 1964 मध्ये न्या. हिदायतुल्ला यांनी ती जुनी इंग्रज कसोटी ग्राह्य धरून शिक्षा कायम केली. हेच हिदायतुल्ला सरन्यायाधीश झाल्यावर, 1970 मध्ये, ख्वाजा अहमद अब्बास यांच्या लघुपटाच्या खटल्यात लिहून गेले, की आपल्यातल्या सर्वांत दुबळ्या आणि सर्वांत विकृत माणसाच्या मापाने निकोप माणसांनी काय पाहावे हे ठरता कामा नये. सहा वर्षांत एकाच लेखणीतून उतरलेले हे अंतर मला फार मोठे वाटते.

मधल्या काळात, 1969 मध्ये, चंद्रकांत काकोडकरांची 'श्यामा' सुटली होती. 'रंभा'च्या 1962 च्या दिवाळी अंकातल्या या कथेसाठी उच्च न्यायालयाने त्यांना पंचवीस रुपये दंड केला होता. सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द करताना म्हटले, की कामविषयाचा नुसता उल्लेखही तरुणांसाठी वर्ज्य मानला तर त्यांना केवळ धार्मिक पुस्तकेच वाचावी लागतील. काकोडकरांच्या कादंबऱ्या आमच्या घरी उशीखाली असत आणि त्या तिथे कोणी ठेवल्या हे कोणी विचारत नसे, हे जाता जाता सांगतो.

अश्लीलतेच्या कायद्यातली एक सूट मात्र वाचण्याजोगी आहे. प्राचीन स्मारकांवर, देवळांवर आणि देवाच्या मूर्ती वाहून नेणाऱ्या रथांवर कोरलेल्या आकृतींना अश्लीलतेचे कलम लागू नाही. म्हणजे खजुराहोच्या भिंतीवरचे मिथुन दगडात आहे तोवर निर्धास्त, आणि तेच कोणी आज कागदावर रेखाटले की त्याने वकील शोधावा. शिवाय ते देऊळ आबालवृद्ध सगळेच पाहतात. त्या दुबळ्या प्रेक्षकाची काळजी तिथे कशी गळून पडते, हे मला अजून कोणी समजावून सांगितलेले नाही.

'मग काहीच आक्षेपार्ह नाही का?' असे तू विचारशील, म्हणून लिहितो. फूटपाथवर वर्तमानपत्रात गुंडाळून मिळणारी पिवळी पुस्तके, मग व्हिडिओ कॅसेट आणि आता मोबाइल, या वाटेने जे आले त्यातले पुष्कळसे गलिच्छ आणि कंटाळवाणे आहे. पण नाक मुरडणे वेगळे आणि बंदी वेगळी. जिथे चित्रण संमतीवाचून झाले आहे, जिथे मुलांचा वापर झाला आहे, तिथे मी कडक शिक्षेच्या बाजूने आहे, कारण तिथे नुकसान झालेले माणूस खरे असते आणि त्याला नाव, गाव, चेहरा असतो. 2015 मध्ये सरकारने 857 संकेतस्थळे एका आदेशाने बंद केली आणि चारच दिवसांत माघार घेतली, तो आदेश काढताना हा फरक कोणी केल्याचे मला दिसले नाही.

आता तुझ्या समितीचे. तक्रारदाराला लेखी विचारा, की पुस्तकातले नेमके कोणते पान आणि त्यामुळे नेमके कोणाचे काय बिघडेल. 'समाज' किंवा 'नवी पिढी' असे उत्तर आले तर ते फाइलला लावा आणि पुस्तक खुल्या कपाटात परत ठेवा. लहान मुलांचा प्रश्न निघाला तर मोठ्यांच्या विभागातला वरचा कप्पा पुरेसा आहे. त्यासाठी कुलूप लागत नाही. सन 2014 च्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ती 1868 ची कसोटी बाजूला सारली आहे, हे समितीतल्या वकील सभासदांच्या कानावर आवर्जून घाल. ते पुस्तक पुन्हा बाहेर आले की मला कळव; सूझांवरचे प्रकरण मला नीट वाचायचे आहे.

वहिनींना नमस्कार.

तुझा,
विनायक