विषय: तुमच्या ग्राफिंग कॅल्क्युलेटरचं टेबल शून्यावर खोटं बोलतंय, त्याबद्दल तक्रार

प्रति,
ग्राहक सेवा विभाग

सर / मॅडम, नमस्कार,

आधीच सांगून टाकतो, कॅल्क्युलेटर पडलेला नाही, पाण्यात गेलेला नाही, चार्जिंग फुल आहे आणि रिसेट तीन वेळा मारून झालाय, त्यामुळे परत तेच सांगायला फोन करू नका. तुमच्याकडच्या माणसाशी या आठवड्यात चार वेळा बोललो, प्रत्येक वेळी नवीन माणूस, प्रत्येकाला पहिल्यापासून गोष्ट सांगायची आणि पहिला तर शेवटी म्हणाला "सर एकदा रिसेट करून बघा". म्हणून आता लिहूनच पाठवतोय.

माझ्या मुलीला बारावीला गणितात चांगले मार्क पडले, एफवाय बीएस्सीला गणितच घेतलं तिने, म्हणून बक्षीस म्हणून हा कॅल्क्युलेटर घेतला. नाशिकलाच शालिमारच्या दुकानातून, साडेनऊ हजाराला, बिल जोडलंय. घरात कुणी एवढ्याचा मोबाईल पण वापरत नाही हो, पण म्हटलं पोरीला ग्राफ दिसतील, फंक्शनचं टेबल दिसेल, शिकेल. दुकानदाराने दाखवलं तेव्हा झकास वाटलं होतं. फंक्शन टाका, स्टार्ट सांगा, एंड सांगा, स्टेप सांगा, की डावीकडे एक्स आणि उजवीकडे वायची लाईन लागते खटाखट.

पहिला दणका कॉलेजात बसला. सरांनी लिमिटची असाइनमेंट दिली होती, साईन एक्स भागिले एक्स, शून्याजवळ काय होतं ते टेबल करून बघा. पोरीने कोन मोजायचा मोड रेडियनवर ठेवला (हो, तेही तपासलंय, डिग्रीवर असता तर सगळीकडे ०.०१७४५ आलं असतं), स्टार्ट मायनस १, एंड १, स्टेप ०.१. मायनस ०.२ ला ०.९९३३, मायनस ०.१ ला ०.९९८३, आणि मधल्या ओळीत, म्हणजे जिथे शून्य यायला पाहिजे तिथे, सरळ १. तिने लिहिलं, शून्यावर किंमत १ आहे म्हणून फंक्शन तिथे कंटिन्युअस, म्हणजे अखंड, आहे. सरांनी लाल पेनाने काट मारली आणि दहातले चार मार्क गेले, कारण शून्यावर हे फंक्शन डिफाईनच नाही, शून्य भागिले शून्य होतं, लिमिट १ आहे ही वेगळी गोष्ट आणि किंमत १ आहे ही वेगळी. ती घरी येऊन म्हणाली पप्पा मशीनने स्वतः दाखवलं मला. मी म्हटलं तूच काहीतरी चुकीचं दाबलं असशील. ते माझं चुकलं, पोरीला दोन दिवस राग होता.

मग रविवारी मी स्वतः बसलो. मी अंबडला मशीन शॉपवर क्वालिटीत आहे, वीस वर्षं व्हर्निअर आणि हाईट गेज ही मापाची हत्यारं हातात, त्यामुळे आकड्याने चकवलं की मला झोप लागत नाही. सगळे मिसळ खायला गेले, मी घरीच. सोपं फंक्शन टाकलं, १ भागिले एक्स. तीच रेंज, स्टेप ०.१. मायनस ०.२ ला मायनस ५, बरोबर. मायनस ०.१ ला मायनस १०, बरोबर. पुढची ओळ, फोटो जोडलाय नीट बघा, एक्सच्या खाली शून्य नाहीच, मायनस १.३८८ आणि पुढे ई मायनस १६ (म्हणजे पॉइंटनंतर पंधरा शून्यं आणि मग १३८८), आणि त्याच्यासमोर मायनस ७.२०६ ई १५. त्याच्या खाली परत शहाण्यासारखं ०.१ ला १०.

म्हणजे १ ला शून्याने भागलं तर तुमच्या हिशोबाने उत्तर येतं मायनस बहात्तर आणि पुढे चौदा शून्यं. आपल्या भास्कराचार्यांनी ११५० साली बीजगणितात शून्याने भागलेल्या राशीला खहर म्हटलं, अनंत म्हटलं, त्यांचा उल्लेख असलेला शिलालेख ज्या पाटणला आहे ते चाळीसगावजवळच आहे. पण अनंताच्या जागी असा ठराविक आकडा, तोही उणे, त्यांच्या स्वप्नातही आला नसेल.

शेजारच्या मुलाचा साधा सायंटिफिक आणला, तुमच्या किमतीत तसे सात येतील. त्याच्यात पण टेबल मोड आहे, तेच फंक्शन, तेच आकडे टाकले, शून्यावर मुकाट्याने एरर लिहून मोकळा. तिथे मला खात्री पटली की पोरीची चूक नाही.

आता गंमत ऐका. स्टेप ०.२ ठेवली, परत शून्याच्या जागी कचरा, या वेळी ई मायनस १७ वाला. स्टेप ०.२५ ठेवली, एकदम बरोबर, शून्य आलं आणि समोर एरर. ०.५ बरोबर. ०.१२५ बरोबर. मी कागदावर लिहून काढलं आणि माझा भाचा पुण्याला सॉफ्टवेअरमधे आहे त्याला फोन लावला. तो हसलाच. म्हणे मामा, मशीन आतून दोनच्या पद्धतीने, म्हणजे बायनरीत, मोजतंय, अर्धा पाव अष्टमांश तिला तंतोतंत लिहिता येतो, पण ०.१ नाही लिहिता येत, आपल्याला जसं एक तृतीयांश लिहायला ०.३३३३ करत बसावं लागतं तसं. त्याने तिकडे लॅपटॉपवर मायनस १ मधे दहा वेळा ०.१ मिळवलं, त्याचंही अगदी हेच उत्तर आलं, मायनस १.३८८ ई मायनस १६. साधे सायंटिफिक बहुतेक दहाच्या पद्धतीनेच हिशोब करतात म्हणून तिथे भानगड नाही.

म्हणजे तुमचं टेबल काय करतं, तर प्रत्येक ओळीत आधीच्या एक्समधे स्टेप मिळवत जातं. हे ऐकल्यावर मी कपाळाला हात लावला, कारण ही चूक आमच्याकडे नवीन ट्रेनी पोरगं पहिल्या आठवड्यात करतं. प्लेटवर दहा होल मार्क करायचे असतात, तर पहिल्यावरून दुसरा, दुसऱ्यावरून तिसरा असं मापत जातो, प्रत्येक मापात केसाएवढा फरक, आणि दहाव्या होलला जॉब रिजेक्ट. म्हणून त्याला शिकवतो की बाबा एक कड डेटम, म्हणजे मापाची मूळ जागा, धर आणि सगळी मापं तिथूनच घे. तुमच्या मशीनने पण तेच करायचं, ओळीचा नंबर गुणिले स्टेप आणि ते स्टार्टमधे मिळवायचं. माझ्या उदाहरणात दहा गुणिले ०.१ राउंड होऊन बरोब्बर १ येतो, मायनस १ अधिक १ शून्य, विषय संपला. भाचा म्हणतो एवढ्याने सगळीकडे सुटणार नाही, स्टार्ट मायनस ०.३ ठेवला तर तशानेही शून्याजागी कचराच येतो, पक्का इलाज म्हणजे टेबलचा एक्स तरी दहाच्या पद्धतीने मोजायचा. ते कसं करायचं ते तुमच्या इंजिनीअरना माहीत असणार, मी सांगायची गरज नाही.

सगळ्यात वाईट म्हणजे चूक जवळपास प्रत्येक ओळीत आहे, फक्त दिसत नाही. मायनस ०.३ लिहिलेलं असतं तिथे आत ०.३ च्या मागे पंधरा-सोळा घरांवर काहीतरी चिकटलेलं असतंच, पण चार आकडे दाखवताना ते कापलं जातं. शून्यावर पुढे दुसरा आकडाच नसतो, म्हणून तिथे चिकटलेलंच तेवढं उघडं पडतं. आणि १ भागिले एक्समधे निदान मायनस ७.२०६ ई १५ बघून माणूस दचकतो तरी, साईनवाल्यात तर गुळगुळीत १ येतो, कोण शंका घेणार, आमच्या पोरीचे मार्क तिथेच गेले. तुमच्या मॅन्युअलमधे टेबलच्या पानावर उदाहरण कसलं, तर एक्सचा वर्ग, स्टार्ट १, स्टेप १. पूर्ण आकड्यांना हा आजार होतच नाही, तिथे सगळं गोडच दिसणार.

आता तुमच्या लोकांची उत्तरं. पहिला म्हणाला रिसेट करा. दुसरा म्हणाला डिस्प्लेचे डिजिट कमी करा, म्हणजे दुखणं तसंच ठेवून वर पट्टी. तिसऱ्या मॅडम चांगल्या बोलल्या, पण म्हणाल्या सर झिरोला तशीही व्हॅल्यू नसते ना, मग तुम्ही झिरो टाळा. अहो मॅडम, लिमिट शिकणारी पोरगी शून्य टाळून काय बघणार? चौथा म्हणाला हार्डवेअर फॉल्ट नाही म्हणून वॉरंटीत बसत नाही. दुकानदार म्हणतो कंपनीशी बोला. त्याच्यावर माझा राग नाही, तो बिचारा पट्ट्या आणि कंपासपेट्या विकणारा माणूस.

माझं मागणं एवढंच आहे. तुमच्या सॉफ्टवेअरचं अपडेट केबलने घालता येतं असं बॉक्सवरच छापलंय, तर हे दुरुस्त करून अपडेट काढा, आणि कधी काढणार ते मला लेखी कळवा, फोनवर नको. तोपर्यंत मॅन्युअलच्या त्या पानावर दोन ओळी घाला की स्टेप ०.१ असताना शून्याच्या ओळीवर विश्वास ठेवू नका. आणि अपडेट काढणारच नसाल तर साडेनऊ हजार परत करा, बॉक्स, केबल, थर्माकोलसकट सगळं जपून ठेवलंय. तीस दिवस वाट बघतो, नाहीतर हेच फोटो आणि हेच पत्र घेऊन जिल्हा ग्राहक आयोगाकडे जाईन, तिथल्या सदस्यांना मी १ भागिले शून्य समोर बसून करून दाखवीन.

तपासणीसाठी मशीन मागवायचं असेल तर मंगळवारनंतरच माणूस पाठवा. सोमवारी पोरीची टेस्ट आहे आणि तोवर ती स्टेप ०.१२५ ठेवून काम भागवणार आहे.

आपला,
एक ग्राहक
सिडको, नाशिक

सोबत: बिलाची झेरॉक्स, टेबलचे फोटो (स्टेप ०.१, ०.२ आणि ०.२५), शेजारच्याच्या सायंटिफिकचा फोटो