वाळवंटातले पाणी आणि माझे सुजलेले मनगट

नेरूळ,
२३ नोव्हेंबर

तीर्थरूप आई आणि बाबा यांस,
साष्टांग नमस्कार.

नेरूळहून नौपाड्याला पत्र टाकणारी मी बहुधा एकटीच असेन, कारण ट्रान्स-हार्बरच्या लोकलने मी या कागदाच्या कितीतरी आधी तुमच्या दारात पोहोचू शकते. परंतु गेल्या रविवारी तुमच्याकडे आले तेव्हा घरात इतकी माणसे एकदम बोलत होती की बाबांनी कानातले यंत्र काढून टेबलावर ठेवले आणि मला म्हणाले, "तू हे सगळं लिहून दे, मी सावकाश वाचेन." म्हणून लिहीत आहे. जॉर्डनच्या सहलीला निघण्यापूर्वी बाबांनी एकच प्रश्न विचारला होता, की वाळवंटात माणसे राहतात तर पाणी कुठून आणतात. आणि परत आल्यावर आईनेही एकच विचारला, की मनगट कशाने सुजले. दोन्ही प्रश्नांची उत्तरे एकाच दिवसातली आहेत. आईला मी "बॅग उचलताना लचकले" असे सांगितले, ते खरे नव्हते.

तो दिवस जॉर्डनच्या दक्षिणेला असलेल्या वादी रम या वाळवंटातला. आमचा मुक्काम अकाबाला होता. अकाबा हे त्या देशाचे एकुलते एक बंदर, तांबड्या समुद्राच्या उत्तर टोकाशी वसलेले, आणि तिथून वाळवंट साधारण तासाभराच्या रस्त्यावर आहे. हॉटेलातूनच एका एजन्सीकडे दिवसभराची सहल ठरवली होती. छापील कागदावर आठ तासांचा कार्यक्रम होता, पण त्यांतला दीड तास निरनिराळ्या हॉटेलांच्या दारांतून इतर मंडळी गोळा करण्यात गेला, आणि त्याबद्दल तक्रार करताच चालकाने आम्हाला अत्यंत गोड हसून खजूर दिले. तुमच्या जावयांचा राग त्या दोन खजुरांत विरघळला, माझा दुपारपर्यंत टिकला.

रम गावात मोठी गाडी सोडून बदाउनी लोकांच्या पिकअप गाडीत बसावे लागते. हौद्यात दोन्ही बाजूंना बाकडी ठोकलेली, वर कापडाचे छत, आणि धरायला एक लोखंडी नळी. या गावातले बहुतेक लोक झलाबिया टोळीचे. पूर्वी शेळ्या आणि उंट घेऊन फिरणारी ही माणसे आता प्रामुख्याने पाहुणे फिरवतात. आमचा वाटाड्या विशीतला होता आणि त्याने डोक्याला लालपांढऱ्या चौकड्यांचा रुमाल बांधला होता. त्याचे इंग्रजी आमच्यापेक्षा चांगले होते, हे तुमच्या नातवाने मोठ्याने सांगून टाकले.

वाळवंट म्हटले की माझ्या डोळ्यांसमोर नुसती वाळू यायची. इथे मात्र वाळूतून एकदम भिंत उठावी तसे डोंगर उभे आहेत. आपल्या सह्याद्रीला पायथा असतो, उतार असतो, झाडीतून हळूहळू चढत जावे लागते. इथे सपाट वाळू संपते आणि पुढच्याच पावलाला शेकडो मीटर उंचीचा कडा सुरू होतो. काही डोंगरांची उंची समुद्रसपाटीपासून मोजली तर ती आपल्या कळसूबाईच्या १,६४६ मीटरच्याही वर जाते. दगड तांबडा, आणि वाऱ्यापावसाने असा झिजलेला की मेणबत्तीचे ओघळ खाली येता येता थिजून जावेत. नीट पाहिले तर कित्येक डोंगरांच्या तळाशी गडद, करड्या दगडाचा वेगळा थर दिसतो. बाबा, तुमच्या प्रश्नाचे पहिले उत्तर या दोन दगडांच्या सांध्यात आहे.

वरचा तांबडा दगड वालुकाश्म आहे, सुमारे पन्नास कोटी वर्षांपूर्वीच्या वाळूचा. त्याखालचा करडा दगड म्हणजे ग्रॅनाइट, आणि तो त्याहूनही जुना. इथे वर्षाकाठी पडणारा पाऊस १०० मिलिमीटरसुद्धा भरत नाही, म्हणजे ठाण्यात जुलैच्या एखाद्या वाईट दिवशी पडतो तेवढाही नाही. तरी जो पडतो तो सच्छिद्र वालुकाश्मात मुरत खाली जातो, ग्रॅनाइट लागला की अडतो, आणि मग आडवा सरकत डोंगराच्या कुशीतून बाहेर येतो. गच्चीवर मुरलेले पाणी स्लॅबवर अडून भिंतीच्या सांध्यातून ओल धरते आणि त्यावरून तुम्ही सोसायटीच्या प्रत्येक सभेत भांडता, तेच हे प्रकरण. फरक इतकाच की इथले लोक त्या गळतीला देवाची देणगी मानतात. दुरून पाहिले तर तांबड्या कड्यावर मध्येच हिरव्या रंगाचा एक पट्टा दिसतो, अंजिराचे झाड, थोडे गवत, पुदिना. तिथे झरा आहे असे समजायचे.

रम गावाजवळच्या अशाच एका झऱ्याचे पाणी दोन हजार वर्षांपूर्वी नबातियन लोकांनी पन्हळीतून खाली आणले होते. पेट्रा शहर डोंगरात कोरणारे तेच हे लोक, आणि गावाजवळ त्यांच्या अल्लात देवीच्या देवळाचे अवशेष आजही उभे आहेत. मला त्या वेळी कान्हेरीच्या लेण्यांची आठवण झाली. मी चौथीत असताना तुम्ही मला तिथल्या पोढी, म्हणजे खडकात कोरलेल्या पाण्याच्या टाक्या, दाखवल्या होत्या आणि पावसाचे पाणी खडकातल्या पन्हळींतून टाक्यांत कसे उतरते ते बोटाने आखून समजावले होते. जवळपास त्याच शतकांत दोन ठिकाणची माणसे दगडात पाण्याची वाट कोरत होती, एक अतिपावसाच्या प्रदेशात आणि दुसरी जवळजवळ बिनपावसाच्या. रमच्या झऱ्यांपैकी एकाला आता लॉरेन्स या ब्रिटिश अधिकाऱ्याचे नाव चिकटले आहे, कारण १९१७ च्या अरब उठावात तो या भागात होता. चहाच्या टपरीपासून खडकापर्यंत सगळीकडे तोच. ज्यांनी पन्हळ कोरली त्यांचे नाव घेणारी पाटी मला तरी दिसली नाही.

त्यानंतर खझाली नावाच्या घळीत गेलो. डोंगराला वरपासून खालपर्यंत चीर पडावी तशी ती अरुंद आहे. आत शिरले की आभाळाची फक्त एक फीत उरते आणि उन्हातून आल्यामुळे अंगावर एकदम गारवा येतो. मधोमध पाणी साठण्याची खळगी आहेत आणि कडेने दगडाची निसरडी कपार धरून पुढे सरकावे लागते. भिंतींवर माणसे, रानबकऱ्या, आणि कितीतरी पाऊलखुणा कोरलेल्या आहेत. चपलेएवढ्या जागेत नेमके रेखलेले एक पाऊल मी बराच वेळ पाहत राहिले, पाचही बोटे वेगवेगळी होती. शेजारी थमुदिक या अरबस्तानातल्या प्राचीन लिपीतल्या ओळी होत्या. संपूर्ण वादी रममध्ये अशी सुमारे २५,००० चित्रे आणि २०,००० लेख असल्याची नोंद आहे, आणि २०११ साली युनेस्कोने या प्रदेशाला जागतिक वारसा ठरवले ते निसर्ग आणि संस्कृती अशा दोन्ही कारणांसाठी.

वाटाड्याने घळीत शिरण्याआधी दोनदा आभाळाकडे पाहिले. मी कारण विचारले तेव्हा तो म्हणाला, की दूरवर ढग दिसला तरी आम्ही आत जात नाही, कारण उघड्या खडकावर पडलेला पाऊस मुरायला थांबत नाही आणि इथे ऊन असतानाच लोंढा येतो. २०१८ च्या ऑक्टोबरमध्ये मृत समुद्राजवळ अशाच लोंढ्यात शाळेच्या सहलीतली मुले वाहून गेली होती. आपल्याकडे पावसाळ्यात धबधब्याच्या पात्रात उभे राहून फोटो काढणाऱ्यांना हा वाटाड्या दाखवावा असे वाटले.

जेवण एका मोठ्या खडकाच्या सावलीत झाले. आई, तू काळजी करत होतीस तसा शाकाहाराचा काहीही प्रश्न आला नाही. ऑलिव्हच्या तेलात लसूण आणि हिरवी मिरची घालून शिजवलेली टोमॅटोची भाजी, वाटलेले छोले, काकडी, आणि पातळ मोठी पोळी, जी ते लोक पालथ्या घुमटाकार तव्यावर टाकतात. खापरावरच्या मांड्यांची आठवण यावी अशी, पण गोड नाही. चहा मात्र तुझ्यापेक्षाही गोड करतात, आणि त्यात मरमिया नावाची सुवासिक पाने घालतात.

जेवताना वाटाड्याने पूर्वेकडे बोट दाखवून दिसी हे नाव घेतले, आणि बाबा, तुमच्या प्रश्नाचे दुसरे आणि जास्त मोठे उत्तर तेच आहे. याच वालुकाश्माच्या पोटात, खूप खोलवर, फार जुन्या काळी जेव्हा इथे पाऊस पडत असे तेव्हाचे पाणी साठून आहे. त्याचा मोठा भाग सौदी अरेबियाच्या हद्दीत जातो. २०१३ पासून हे पाणी ३२५ किलोमीटर लांबीच्या वाहिनीने राजधानी अम्मानला पोहोचवले जाते, वर्षाला साधारण दहा कोटी घनमीटर, म्हणजे तुमच्या हिशेबाने दिवसाला सत्तावीस कोटी लिटरच्या आसपास. आपला भातसा दर पावसाळ्यात भरतो, आमचे मोरबे धरणही भरते. दिसीचे पाणी उपसले की गेले, ते भरून येण्याएवढा पाऊसच आता तिथे नाही. मुदत ठेव मोडून घरखर्च चालवावा, अशातला हा प्रकार आहे. तीस वर्षे जलवाहिन्यांच्या मागे धावल्यावर तुम्ही ती वाहिनी पाहायला हवी होती, असे मला जेवताना सारखे वाटत राहिले.

आता मनगटाविषयी. दुपारी आम्हाला एका तांबड्या वाळूच्या टेकडीपाशी नेले. वारा वाळूला सौम्य बाजूने वर ढकलत नेतो आणि माथ्यावरून पलीकडे टाकतो, म्हणून पलीकडची बाजू सरळ चढाची होते. कोरडी वाळू तीस-चौतीस अंशांपेक्षा जास्त उतारावर टिकतच नाही. त्या उतारावरून फळीवर उभे राहून घसरायचे, याला सँडबोर्डिंग म्हणतात. वर नेणारे यंत्र वगैरे काही नसते. फळी काखेत मारून आपणच चढायचे, आणि दोन पावले टाकली की एक मागे येते. वाळू बर्फाइतकी निसरडी नसल्यामुळे फळीच्या खालच्या बाजूला दर वेळी मेणबत्ती घासावी लागते. आमच्या वाट्याला आलेल्या एका फळीचा पट्टा तुटलेला होता आणि एजन्सीने मेणबत्तीचा एकच तुकडा दिला होता. तो तुमच्या नातवाने पहिल्याच फेरीत संपवला.

मी आधी बसून घसरले. ते ठीक झाले. नंतर, अठ्ठेचाळीसाव्या वर्षी हे पुन्हा कधी करणार अशा विचाराने, उभी राहिले. वाटाड्याने सांगितले होते की भार मागच्या पायावर ठेवायचा, नाहीतर फळीचे टोक वाळूत रुतते. मला ते तोंडपाठ होते. परंतु वेग आल्यावर घाबरून मी पुढे वाकले, टोक रुतले, आणि मी फळीला तिथेच सोडून तिच्याआधी खाली पोहोचले. पडताना हात टेकला तो हा. हाड मोडलेले नाही. नेरूळच्या डॉक्टरांनी क्ष-किरण फोटो पाहून लचकच असल्याचे सांगितले आहे आणि पट्टा दोन आठवडे बांधायचा आहे. आई, त्या वेळी सर्वांत जास्त त्रास हाताचा झाला नाही, तोंडात गेलेल्या वाळूचा झाला. रात्री दात घासतानाही ती कुरकुर वाजत होती.

तुम्हा दोघांना तिथे न्यावे असे माझ्या मनात आहे, आणि ते मी फसवून नेणार नाही म्हणून स्पष्ट लिहिते. वाळूची टेकडी आणि घळीतली कपार आईच्या गुडघ्यांसाठी नाही, आणि पिकअपच्या हौद्यात चढणेही नाही. परंतु स्वतंत्र गाडी ठरवली तर चालकाशेजारी आत बसता येते, घळीच्या तोंडाशी गाडी जाते, आणि हिरवा पट्टा तर खुर्ची टाकून पाहता येईल. शौचालय गावात आणि तंबूंच्या मुक्कामांवरच आहे, तेवढे वेळापत्रक आधी बसवावे लागेल. मार्चमध्ये हवा बरी असते. बाबांच्या पासपोर्टची मुदत संपली आहे, तेव्हा येणे-न येणे नंतर ठरवू, अर्ज मात्र मी या आठवड्यात भरून ठेवते. जुना पासपोर्ट लोखंडी कपाटाच्या खणात, विम्याच्या कागदांखाली आहे, तो आईने काढून ठेवावा.

नातवाच्या बुटांतून निघालेली वाळू मी औषधाच्या रिकाम्या बाटलीत भरली आहे. बाबा, ती तुमच्या भिंगाखाली धरा. खाडीतल्या रेतीचे कण बोटाला बोचतात. ही पिठासारखी सरकते, कारण वाऱ्याने कण घासून गोल झाले आहेत, आणि त्यांच्यावरचा तांबडा रंग लोहाच्या गंजाचा आहे. तुम्ही लगेच म्हणाल की असली वाळू काँक्रीटला कामाची नाही, आणि ते बरोबरच आहे. बाटली आणि मरमियाचा पुडा रविवारी घेऊन येते. चहात दोनच पाने घालावीत, जास्त झाली तर कडू होतो.

तुमची,
बेबी