शिवाजी पार्कच्या खेळाचा इतिहास तुमच्या माळ्यावर आहे

सप्रेम नमस्कार.

मुंबई महापालिकेने १९२५ साली हे मैदान लोकांना खुलं केलं तेव्हा त्याचं नाव होतं माहीम पार्क. दोनच वर्षांनी, शिवजन्माच्या त्रिशताब्दीच्या निमित्ताने, नगरसेविका अवंतिकाबाई गोखले यांच्या आग्रहावरून ते शिवाजी पार्क झालं. पुढच्या गोष्टी, म्हणजे संयुक्त महाराष्ट्राच्या सभा, १९६६ साली बसवलेला महाराजांचा पुतळा, दसरा मेळावे, २०१० साली उच्च न्यायालयाने जाहीर केलेलं शांतता क्षेत्र, हे सगळं वर्तमानपत्रांच्या फायलींत सुखरूप आहे. ते पुन्हा उतरवून काढण्याची आम्हाला हौस नाही.

आम्हाला हवा आहे खेळाचा इतिहास, आणि तोही नामवंतांचा नव्हे. मांजरेकर, वाडेकर, संदीप पाटील, तेंडुलकर आणि आचरेकर सरांचं स्टंपवरचं नाणं इथल्या पोराटोरांनाही पाठ आहे. पण सुमारे २८ एकरांत एकाच वेळी इतके सामने चालत की एकाचा फाइन लेग दुसऱ्याच्या पॉइंटला पाठ लावून उभा असायचा. त्यातल्या बहुतेक खेळाडूंचं नाव कुठेच छापून आलं नाही. सकाळी रोलर ओढणारे माळी, भर पावसाळ्यात कांगा लीगचे सामने झाकोळलेल्या उजेडात लिहून काढणारे स्कोअरर, उन्हाळी शिबिरात मल्लखांबावर पहिल्यांदा चढलेल्या मुली, यांची नोंद कोण ठेवणार?

ती नोंद आहे, पण घराघरांत. पेन्सिलीने भरलेली, कडा वाळवीने खाल्लेली स्कोअरबुकं, संघाचे फोटो, स्पर्धेची पत्रकं, फीच्या पावत्या. आणि घाई यासाठी की मैदानाभोवतीच्या जुन्या तीनमजली इमारती एकामागून एक पुनर्विकासाला जात आहेत. घर रिकामं करताना माळा आवरायला कोणाला वेळ नसतो. गठ्ठा सरळ रद्दीवाल्याकडे जातो. रद्दीवाल्याला दोष देण्यात अर्थ नाही, त्याने मागितलं नव्हतं.

तेव्हा विनंती अशी. जे सापडेल ते आम्हाला दाखवा. तुमच्या घरी येऊन, तुमच्यासमोर स्कॅन करू आणि मूळ वस्तू तिथेच ठेवून जाऊ. अल्बमला चिकटलेले फोटो ओढून काढू नका, पानासकट स्कॅन होतात. फोटोतल्या माणसांची नावं आठवत असतील तर आजच वेगळ्या कागदावर लिहून ठेवा. घरात ऐंशीच्या पुढचे कोणी असतील तर त्यांना विचारा. हे काम खरं तर सगळ्यात आधी करायला हवं, कारण नाव सांगणारं माणूस गेलं की फोटोत नुसते पांढरे कपडे उरतात.

पैसेही लागणार आहेत. स्कॅनर, बाइंडिंग, आम्लमुक्त कागद आणि साठवणीचा खर्च आहे. रक्कम कितीही चालेल, पावती मिळेल, वर्षाअखेर हिशेब सर्वांपुढे मांडू. उद्घाटन, हार-शाल, फलक यांवर एक पैसाही खर्च होणार नाही. ज्यांना देणगी जमणार नाही पण मोडी किंवा जुनं हस्ताक्षर वाचता येतं, संगणकावर मराठी टाइप करता येतं, त्यांनी आठवड्यातले दोन तास द्यावेत. आम्हाला त्यांची जास्त गरज आहे.

मैदान सोडून विरार, डोंबिवली, पुण्याला गेलेल्या मंडळींपर्यंतही हे पोहोचवा. पार्कातले बरेचसे फोटो आता तिकडेच असणार.

आपले,
मैदानाभोवतीचे रहिवासी