अम्माच्या अक्षराचं वळण

शाईनवीस काका,

साष्टांग नमस्कार.

गेल्या पावसाळ्यात सोलापुरातल्या मधल्या मारुतीजवळच्या तुमच्या बैठकीवर एक म्हातारी आणि तिची लेक आली होती. म्हातारी तेलुगूत पुटपुटत होती आणि लेक मराठीत भांडत होती. ती लेक मी. त्या दिवशी आभार तर मानले नाहीतच, उलट निघताना पैशांवरून घासाघीस केली. म्हणून हे पत्र उघड लिहितेय, चारचौघांनी वाचावं असंच.

तुमचा धंदा ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. चिटणीस, फडणीस यांतला 'नीस' म्हणजे नवीस, लिहिणारा. शाईनवीसही दुसऱ्याचं सांगणंच लिहितो. बोरू त्याच्या हातात असतो, पण कागदावर उमटतं ते सांगणाऱ्याचं अक्षर, मग सांगणाऱ्यानं शाळेचं तोंड पाहिलेलं नसलं तरी. शाई जुन्या चालीचीच: हिरड्याचा काढा, हिराकस, बाभळीचा डिंक. लिहिताना फिकी दिसते, हवा लागली की काळी होत जाते. फक्त सांगणाऱ्यानं आधी दौतीत तोंड घालून बोलायचं असतं, आणि एकदा बोललेली शाई दुसऱ्या कुणाला चालत नाही.

अम्मा नवव्या वर्षापासून विड्या वळते. पंचवीसचा एक कट्टा, असे चाळीस कट्टे झाले की हजार. रात्री तेंदूपत्ता भिजवायचा, सकाळी पत्र्याचा फर्मा ठेवून पान कातरायचं, मग मांडीवर सूप. २००६ साली सोलापूरजवळ कुंभारीला विडी कामगार बायकांची १०,००० घरं झाली, त्यातलं एक आमचं. तिथल्या प्रत्येक कागदावर तिचा अंगठा आहे. अंगठ्याची निळी शाई ती घरी येऊन दगडानं घासायची. लाज वाटायची तिला. मला हे फार उशिरा कळलं.

तिची थोरली बहीण, आमची पेद्दम्मा, तिकडे तेलंगणात, सिरसिल्ल्याला. वडिलांच्या कापड विणायच्या मागावरून दोघींत एकोणीस वर्षं अबोला. फोन लावून दिला तर एक रडते, दुसरी ठेवून देते. 'पत्र पाठवायचं' असं अम्मानं धरूनच बसल्यावर मी चिडले. पेद्दम्मालाही वाचता येत नाही, मग पत्राचं काय लोणचं घालायचंय? तुमच्यासमोरही मी हेच बोलले. तुम्ही बोरूचं टोक कापत होतात. मान वर न करता म्हणालात, "ताई, तुम्ही जरा चहा घेऊन या."

मी दोन चहा घेऊन आले तरी अम्मा दौतीकडे बघत गप्पच. शाई वाळली. तुम्ही ती मोरीत ओतलीत, नवी कालवलीत. तीही वाळली. तिसऱ्यांदा कालवताना तुम्ही हिराकस हात राखून घातलंत. ते जास्त झालं की पुढं कागद खातं, असं मला समजावलंत. बाहेर रांग लागली होती. तुम्ही तिला एकदाही "बोला की" म्हणाला नाहीत. वाया गेलेल्या त्या दोन शाया तुम्ही पैशांत धरल्याच नव्हत्या, आणि मी तरी घासाघीस केली!

मग अम्मा वाकली आणि बोलली. काय बोलली ते मला ऐकू आलं नाही.

मला वाटलं होतं, पहिलीतल्या पोरासारखं वेडंवाकडं काहीतरी उमटेल. उमटली ती तेलुगूची गोल अक्षरं, एका मापाची, जशी फर्मा ठेवून कातरलेली. प्रत्येक अक्षराचं टोक शेवटी आत मुडपलेलं, विडीचं तोंड मुडपतात तसं. ओळीओळीत पंचवीस अक्षरं. मी मोजली. (तेलुगू वाचता येत नाही, मराठी शाळेतली ना मी, पण मोजता येतं.) तुम्ही चष्मा काढून पुसलात आणि म्हणालात, "एवढं वळण तर माझ्या गुरूंच्याही हाताला नव्हतं." अम्मानं विचारलं, "ते काय म्हणतायत?" मी सांगितलं. ती पदर तोंडाला लावून हसली.

पत्र तुम्ही वाचून दाखवलं नाहीत, मीही विचारलं नाही. ते त्या दोघींचं.

पुढचं पेद्दम्माच्या नातवानं सांगितलं. त्यानं वाचायला कागद हातात घेतला, तर तिनं तो काढून घेतला. ओळींवरून बोट फिरवलं, मुडपलेल्या टोकांवर जरा थांबली, आणि म्हणाली, "हे तर आमच्या धाकटीनंच वळलंय." लहानपणी दोघी एकाच सुपावर बसायच्या. मग कुठं त्याला वाचायला दिलं.

यंदा गड्ड्याला, म्हणजे सिद्धेश्वराच्या जत्रेला, पेद्दम्मा सोलापुरात आली. मिरवणुकीतले सातही नंदीध्वज जाईपर्यंत दोघी रस्त्याच्या कडेला उभ्या होत्या आणि पूर्ण वेळ भांडत होत्या. मागाचंच भांडण. पण हात धरून.

सोबत डब्यात शेंगाची चटणी आहे आणि कडक भाकरी. चटणी अम्मानं स्वतः उखळात कुटलीय, मिक्सरची नाही, हे तुम्हाला मुद्दाम कळवायला सांगितलंय. डबा घाईनं परत पाठवू नका. मंगळवारी ती तो न्यायला येईल. घरकुलाच्या कागदांवर अंगठ्याशेजारी आता सही करता येईल का, असं तिला तुम्हाला विचारायचंय. मी चहाला बाहेर जाईन.

तुमची ऋणी,
कुंभारीची लेक