अकरावीत रॅकेट कपाटात ठेवण्याआधी

संपादक महोदय,

नाशिकमध्ये टेनिस खेळणाऱ्या मुलामुलींची रॅकेट बहुधा अकरावीच्या जूनमध्ये कपाटात जाते. नीट, जेईई, सीईटीचे क्लास लागतात, सकाळचे कोर्ट सुटते आणि ‘बारावी झाली की बघू’ असे घरात ठरते. पण कॉलेजच्या संघात कोणाला घ्यायचे, हे नेमके त्याच दोन वर्षांच्या निकालांवरून ठरते. दोन वर्षे हात थांबला की सर्व्हिस आधी बिघडते आणि सर्वांत शेवटी परत येते.

पुढे वाट नाही, ही पालकांची समजूत चुकीची आहे. सोमदेव देववर्मनने व्हर्जिनिया विद्यापीठाकडून खेळताना २००७ आणि २००८ अशी लागोपाठ दोन वर्षे अमेरिकेचे आंतरविद्यापीठ एकेरी विजेतेपद मिळवले आणि २०१० च्या आशियाई स्पर्धेत सुवर्णपदक आणले. एवढे लांब कशाला, आपल्या शेजारच्या जिल्ह्यात श्रीरामपूरला जन्मलेली ऋतुजा भोसले टेक्सस ए अँड एम विद्यापीठाच्या संघात होती. २०२३ मध्ये हांगझोऊच्या आशियाई स्पर्धेत तिने रोहन बोपण्णासोबत मिश्र दुहेरीचे सुवर्ण जिंकले. पुण्याचा अर्जुन कढे ओक्लाहोमा स्टेटकडून खेळला.

मात्र अमेरिकी विद्यापीठांच्या या वाटेची कागदपत्रे नववीपासून सुरू होतात. तिथल्या पहिल्या श्रेणीच्या संघासाठी नववी ते बारावीचे १६ मुख्य विषय मोजतात आणि त्यांची सरासरी चारपैकी किमान २.३ लागते. म्हणजे नववीची गुणपत्रिकाही जपायला हवी. दुसरा घोळ ‘ड्रॉप’ घेतल्यावर होतो. बारावीनंतर रिकामे वर्ष काढून स्पर्धा खेळत राहिल्यास खेळण्याच्या पात्रतेतले एक वर्ष कापले जाऊ शकते. टेनिससाठी सवलतीचा काळ सहा महिन्यांचाच ठेवलेला आहे. शिष्यवृत्तीचेही तसेच. मुलांच्या संघाला साडेचार आणि मुलींच्या संघाला आठ शिष्यवृत्त्या ही मर्यादा कित्येक वर्षे होती, ती चौकट २०२५ मध्ये बदलली. ओळखीच्या सीनियरने सांगितलेले आकडे धरून बसू नये, प्रवेशाच्या वर्षीचे नियम पाहावेत आणि थेट प्रशिक्षकाला ईमेल करावा. त्याला पाठवायच्या व्हिडिओत गाणी आणि निवडक विनर (थेट गुण मिळवणारे फटके) नकोत. बेसलाइनमागे उंचावर कॅमेरा लावून एक अख्खा सेट घ्यावा, हरलेल्या गुणांसकट.

तिथली लढत कशी असते, हेही आपल्या मुलांना ठाऊक नसते. आधी एकेका सेटच्या तीन दुहेरी होतात. त्यांतल्या दोन जिंकणाऱ्या संघाला मिळून एकच गुण. मग सहा एकेरी, प्रत्येकी एक गुण. सातपैकी चार ज्याचे, तो संघ जिंकला. ४०-४० झाले की ॲडव्हान्टेज नाही, पुढचा गुण निर्णायक. आपल्याकडे दुहेरी म्हणजे एकेरीत हरल्यावर उरलेला टाइमपास! रिटर्न मारून जाळीकडे धावण्याचा सराव आठवड्यातून दोनदा तरी हवाच.

परदेशी जायचे नसेल, तरी इथे पायऱ्या आहेत. सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठात आधी नाशिक विभागाची आंतरमहाविद्यालयीन स्पर्धा, मग आंतरविभागीय, तिथून विद्यापीठाचा संघ, पुढे पश्चिम विभाग आणि अखिल भारतीय आंतरविद्यापीठ. अडचण येते ती हजेरीची. मानांकनाच्या स्पर्धेत शनिवार-रविवारी पात्रता फेरी आणि सोमवारपासून मुख्य ड्रॉ असतो. त्यासाठी पुण्याला दोनशे किलोमीटर गेलेला मुलगा जिंकत राहिला की अख्खा आठवडा बुडतो, आणि हरला तर सोमवारी वर्गात असतो. जिंकणाऱ्याचीच हजेरी ७५ टक्क्यांखाली जावी, हा न्याय अजब आहे. परवानगीचे पत्र निघण्याआधी कॉलेजात देऊन पोच घ्यावी. परत आल्यावर दिलेले पत्र कोणी धरत नाही. प्रमाणपत्राबरोबर ड्रॉ शीट (सामन्यांचा तक्ता) आणि प्रवेशिकेची प्रत ठेवावी. शासकीय नोकरीतल्या ५ टक्के खेळाडू आरक्षणासाठी पडताळणी होते तेव्हा तीच कामाला येते.

व्यावसायिक टेनिसबद्दल मात्र भ्रम नको. सर्वांत खालच्या आंतरराष्ट्रीय स्पर्धेची एकूण बक्षीस रक्कम १५ हजार डॉलर. पहिल्या फेरीत हरणाऱ्याच्या हाती दीडशे डॉलरच्या आसपास पडतात. त्यात हॉटेलही निघत नाही. म्हणून पदवी हवीच.

कॉलेजांना मोठा खर्च करायचा नसेल, तर साध्या गोष्टी तरी कराव्यात. रॅकेटचे पॉलिएस्टर गटिंग, म्हणजे तारा, तुटेपर्यंत वापरले जाते. ते तुटण्याच्या कितीतरी आधी मरते. चेंडूला झेप मिळत नाही, मुलगा जास्त जोर लावतो आणि कोपर दुखू लागते. २०० मीटरच्या एका रिळात, रॅकेटला १२ मीटर धरले, तर १६ रॅकेट होतात. संघाने एकत्र रीळ घ्यावे. डिसेंबर-जानेवारीत नाशिकच्या सकाळी पारा दहाच्या खाली जातो, तार ताठरते, चेंडू उठत नाही. तेव्हा ताण दोनेक पौंडांनी उतरवावा. चेंडूंचा डबा उघडला की पंधरवड्यात दाब जातो, त्यामुळे गेल्या स्पर्धेतले उरलेले चेंडू निवड चाचणीला देऊ नयेत.

आणि जाळी. जाळी मधोमध खाली ओढून धरणारा पट्टा नसलेल्या कोर्टवर ती खांबांशी १.०७ मीटर असते आणि मध्ये कुठे झोळ, कुठे ताठ. मध्ये ती ०.९१४ मीटर, म्हणजे तीन फूट हवी. मोजपट्टी नसली तर एक रॅकेट उभी धरावी आणि तिच्यावर दुसरीचे डोके आडवे ठेवावे. २७ इंच अधिक साधारण ९ इंच, झाले ३६. सराव सुरू करण्याआधी अर्ध्या मिनिटाचे काम आहे.

— एक टेनिस प्रशिक्षक, गंगापूर रोड, नाशिक